स्तूपातल्या पाण्याला वाट करून देणारा माणूस : सर जॉन मार्शल

सांचीला जाऊन आलेल्या आपल्या बहुतेक बांधवांच्या घरात एक फोटो असतोच. मागे तोरण, त्यामागे स्तूपाचा घुमट आणि पुढे पांढऱ्या कपड्यांतले सारे कुटुंब. फोटो दाखवताना घरचा माणूस अभिमानाने सांगतो, की सम्राट अशोकाच्या काळापासून हा स्तूप जसाच्या तसा उभा आहे. अभिमान रास्त आहे. पण जसाच्या तसा हे मात्र खरे नाही. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी याच स्तूपाच्या नैर्ऋत्य बाजूला पोट सुटले होते. तो भाग कोसळला असता तर दक्षिणेचे आणि पश्चिमेचे तोरण आणि त्यांच्यामधली वेदिका सोबत घेऊनच कोसळला असता. मग आपल्या फोटोत मागे दगडांचा ढीग आला असता.

हे टळले, त्यामागे एका माणसाची सात वर्षांची मेहनत आहे. त्याचे नाव सर जॉन मार्शल. शाळेच्या पुस्तकात आपण हे नाव मोहेंजोदडोच्या धड्यात वाचतो आणि परीक्षा झाली की विसरतो. आंबेडकरी चळवळीच्या वाचकांनी मात्र हा माणूस मोहेंजोदडोसाठी नव्हे, तर सांचीसाठी लक्षात ठेवायला हवा. कारण त्याच्या आयुष्यातून आपल्याला जो धडा घ्यायचा आहे, तो आपण अजून घेतलेला नाही.

मार्शल यांचा जन्म 19 मार्च 1876 रोजी इंग्लंडमधील चेस्टर येथे झाला. केंब्रिजच्या किंग्ज कॉलेजात त्यांनी ग्रीक आणि लॅटिनचा अभ्यास केला, नंतर ग्रीसमध्ये आणि क्रीट बेटावर उत्खननाचे धडे घेतले. भारताशी त्यांचा काही संबंध नव्हता. पाली येत नव्हती, बौद्ध धम्माचा अभ्यास नव्हता. परंतु 1899 साली व्हाइसरॉय होऊन आलेल्या लॉर्ड कर्झन यांना या देशातील पुरातत्त्व खाते पुन्हा उभे करायचे होते. जेम्स बर्जेस 1889 साली निवृत्त झाल्यापासून महासंचालकाचे पद रिकामे होते. दहा-बारा वर्षे या अफाट देशातल्या लेण्यांना आणि स्तूपांना एक जबाबदार धनी नव्हता. 1902 साली या पदावर मार्शल आले, तेव्हा त्यांच्या वयाला सव्वीस वर्षेही पुरी झाली नव्हती. आपल्याकडे या वयाच्या पोराला वस्तीतल्या विहाराच्या कमिटीवरसुद्धा कोणी घेत नाही!

हा तरुण ज्या देशात आला तेथे बुद्धाच्या खुणांची काय अवस्था होती? सांचीचेच उदाहरण घेऊ. बाराव्या शतकानंतर तेथील भिक्खुसंघ उठून गेला आणि टेकडी ओस पडली. दिवा लावणारे हात गेले, झाडू मारणारे हात गेले, फटीत उगवलेले रोप उपटणारे हातही गेले. 1818 साली जनरल टेलर तेथे पोहोचला तेव्हा दक्षिणेचे तोरण पडलेले होते, पण घुमट बऱ्यापैकी शाबूत होता. म्हणजे पाचशे-सहाशे वर्षांच्या ऊन-पावसाला स्तूप पुरून उरला होता. पुढचे मोठे नुकसान माणसाने केले. 1822 साली कॅप्टन जॉन्सन या अधिकाऱ्याने खजिन्याच्या आशेने मोठ्या स्तूपाला वरपासून खालपर्यंत खिंडार पाडले. आत काही मिळाले नाही. खिंडार तसेच सोडून साहेब निघून गेला. त्यानंतर पश्चिमेचे तोरण आणि वेदिकेचा काही भाग कोसळला. तेथील अशोकस्तंभ तर एका स्थानिक जमीनदाराने उसाच्या चरकासाठी फोडला, असे मार्शल यांनीच आपल्या पुस्तकात नोंदवून ठेवले आहे. संघात फूट पाडू नका असे बजावणारा सम्राटाचा लेख ज्या स्तंभावर कोरला आहे, तो स्तंभ ऊस पिळायला गेला. सारनाथची कथा वेगळी नाही. तेथे 1794 साली जगतसिंहाच्या माणसांनी धर्मराजिका स्तूप विटांसाठी उकलून नेला.

येथे एक गोष्ट समजून घेतली पाहिजे. दगड मरतो कसा? आपण म्हणतो, पाषाण आहे, त्याला काय होते. पण सांचीचा दगड वाळूचा आहे. वाळूचे कण एकमेकांना धरून बसले म्हणून तो दगड. पावसाचे पाणी आत झिरपते, कणांना धरून ठेवणारा पदार्थ हळूहळू विरघळवते. पाण्यासोबत क्षार आत जातात. उन्हाळ्यात पाणी उडून जाते, क्षार मागे राहतात, त्यांचे स्फटिक फुगतात आणि दगडाचा पापुद्रा सुटतो. दुपारी दगड तापून प्रसरण पावतो, रात्री आकसतो. हे वर्षानुवर्षे चालू राहते. त्यावर शेवाळ आणि दगडफूल चढते आणि ओल धरून ठेवते. पक्ष्याच्या विष्ठेतून पडलेले पिंपळाचे बी सांध्यात रुजते आणि त्याचे मूळ पाचरीसारखे दगड फाकवते. ज्या पिंपळाखाली तथागतांना बोधी प्राप्त झाली म्हणून आपण ज्याला वंदन करतो, तोच पिंपळ स्तूपाच्या सांध्यात उगवला तर तो स्तूपाचा काळ ठरतो. निसर्ग श्रद्धा पाहत नाही. सारे काही अनित्य आहे हे तथागतांनी सांगितलेच आहे. परंतु अनित्य आहे म्हणून निगा राखायची नाही, असे त्यांनी कोठे सांगितले?

मार्शल येण्यापूर्वी सांचीत काहीच झाले नव्हते असे नाही. 1881 पासून मेजर कोल यांनी जॉन्सनने पाडलेले खिंडार बुजवले आणि पडलेली तोरणे पुन्हा उभी केली. काम मोठे होते. पण स्तूपाच्या पोटात शिरलेले पाणी तसेच राहिले. मोठ्या स्तूपाचा गाभा विटांचा आणि त्यावर नंतरच्या काळात चढवलेले दगडी कवच, अशी ही रचना आहे. व्यास सुमारे 36 मीटर, उंची सुमारे 16 मीटर. एवढ्या ढिगाऱ्यात पाणी मुरले की तो आतून बाहेर रेटू लागतो. कवच फुगते आणि एका पावसात सगळे खाली येते.

1912 साली मार्शल यांनी सांचीचे काम हाती घेतले आणि ते 1919 पर्यंत चालले. मधली चार वर्षे पहिल्या महायुद्धाची होती. पहिले काम जंगल तोडण्याचे. मग मोठ्या स्तूपाचा नैर्ऋत्येकडील फुगलेला चतुर्थांश भाग उतरवून त्यांनी तो पुन्हा रचला. पडलेल्या वेदिका उभ्या केल्या, घुमटावरची हर्मिका आणि छत्र पुन्हा बसवले. अठराव्या क्रमांकाच्या चैत्यगृहाचे उंच खांब ओळंब्यातून सुटून कलले होते, ते सरळ केले. पंचेचाळीस क्रमांकाचे मंदिर धोकादायक झाले होते, ते सावरले. मधल्या आणि पूर्वेच्या पठारांमधली आधारभिंत पुन्हा बांधली. तिसऱ्या स्तूपाचा घुमट, वेदिका आणि छत्र उभे केले. सारिपुत्त आणि मोग्गल्लान या दोन अग्रश्रावकांच्या अस्थी 1851 साली कनिंगहॅम आणि मेसी यांना जेथे मिळाल्या, तोच हा तिसरा स्तूप.

आणि या सगळ्याइतकेच मोलाचे एक काम त्यांनी केले, जे कोणत्याही फोटोत दिसत नाही. मोठ्या स्तूपाभोवतालचे पाणी वाहून जाण्याची त्यांनी व्यवस्था केली. जमिनीला उतार दिला, हिरवळ लावली, पावसाचे पाणी पायथ्याशी साचणार नाही असे पाहिले. छत्र बसवणाऱ्याचे नाव होते, पाण्याचा निचरा करणाऱ्याचे होत नाही. पण स्तूप टिकतो तो निचऱ्यामुळे.

वकील म्हणून मला या प्रकरणात आणखी एक गोष्ट लक्षणीय वाटते. प्राचीन स्मारकांच्या रक्षणाचा कायदा 1904 साली झाला. तो कर्झन आणि मार्शल यांच्याच काळातला. स्मारक खाजगी मालकीचे असले तरी सरकार मालकाशी करार करू शकते, वेळ पडल्यास ते संपादन करू शकते आणि नासधूस करणाऱ्याला शिक्षा होऊ शकते, ही तत्त्वे त्या कायद्याने आणली. कार्ले, भाजे, कान्हेरी अशा आपल्या लेण्यांना जे संरक्षण मिळाले ते याच व्यवस्थेतून. परंतु सांची होती भोपाळ संस्थानात आणि ब्रिटिश हिंदुस्थानचा कायदा संस्थानात आपोआप लागू होत नव्हता. म्हणजे सांचीत मार्शल यांच्या हातात कायद्याची काठी नव्हती. तेथे लागत होती दरबाराची संमती आणि दरबाराचा पैसा. तो पैसा भोपाळच्या नवाब सुलतान जहाँ बेगम यांनी दिला. एका मुस्लिम राज्यकर्त्या स्त्रीने बौद्ध स्तूपासाठी खजिना उघडला, ही गोष्ट आज इतिहासाच्या नावाने माणसे लढवणाऱ्यांना ऐकवण्यासारखी आहे. टेकडीवर सापडलेल्या मूर्ती आणि शिलालेख उघड्यावर झिजू नयेत म्हणून 1919 साली तेथे छोटे संग्रहालयही उभे राहिले.

आता या स्तूपाचे खरे मालक कोण, तेही पाहू. सांचीच्या वेदिकांवर आणि तोरणांवर शेकडो दानलेख आहेत. त्यांत राजांची नावे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी. बाकी भिक्खू, भिक्खुणी, गृहिणी, व्यापारी, विणकर. दक्षिण तोरणावर विदिशेच्या हस्तिदंत कोरणाऱ्या कारागिरांचा लेख आहे. त्याच तोरणावर राजा सातकर्णीच्या कारागिरांचा प्रमुख आनंद याचे नाव आहे. सातवाहन म्हणजे आपल्या पैठणचे राजघराणे. महाराष्ट्राचा आणि सांचीचा धागा असा दोन हजार वर्षांचा आहे. ही नावे म्हणजे कष्टकऱ्यांनी दगडावर केलेली सही आहे. दगडाचा पापुद्रा सुटला की आधी ही सही जाते. नक्षी अर्धी झिजली तरी ओळखता येते, पण अक्षर झिजले की माणूसच पुसला जातो. कोर्टात पुरावा नष्ट झाला तर दावा कितीही खरा असला तरी उभा राहत नाही. आपल्या पूर्वजांच्या कर्तृत्वाचा पुरावा असा दर पावसाळ्यात थोडा थोडा नष्ट होत असतो. हे लेख वाचून छापण्याचे काम नंतर ननी गोपाल मजुमदार यांनी केले आणि शिल्पांतील जातककथांची ओळख पटवण्याचे काम फ्रेंच पंडित आल्फ्रेड फूशे यांनी. या तिघांच्या श्रमातून सांचीवरचा तीन खंडांचा ग्रंथ 1940 च्या सुमारास निघाला. तो पाहायला मजुमदार नव्हते. 1938 साली सिंधमध्ये संशोधन करताना दरोडेखोरांनी त्यांची हत्या केली होती.

सांचीबाहेरही मार्शल यांच्या कारकिर्दीने आपल्याला बरेच दिले. त्यांच्याच काळात, 1904-05 च्या हंगामात अभियंता ओर्टेल यांना सारनाथला अशोकाचे सिंहशीर्ष मिळाले. ते 26 जानेवारी 1950 रोजी राष्ट्राचे बोधचिन्ह झाले. न्यायाधीशांच्या आसनामागे ते पाहताना मला दरवेळी वाटते, की मातीखालून ते बाहेर येणे आणि धड राहणे हे दोन्ही कोणाच्या तरी श्रमाचे फळ आहे. 1913 पासून वीस वर्षांहून अधिक काळ मार्शल तक्षशिलेत खोदत राहिले. 1914 साली त्यांना सर हा किताब मिळाला. दुरुस्ती कशी करावी याची पुस्तिका त्यांनी 1923 साली खात्यासाठी लिहिली. तिचे सार असे, की जुने आहे ते टिकवा, नवे करून त्याला जुने म्हणू नका. मूर्तीचा हात तुटला असेल तर तुटलेला राहू द्या, अंदाजाने नवा बसवू नका. 1924 साली त्यांनी सिंधू संस्कृतीचा शोध जगापुढे जाहीर केला.

येथे भक्तिभावाने बोलून चालणार नाही. मार्शल हे साम्राज्याचे अधिकारी होते. सिंधू संस्कृतीचे श्रेय जगाने त्यांना दिले, पण हडप्पात 1921 साली खोदले दयाराम साहनी यांनी आणि मोहेंजोदडोत 1922 साली राखालदास बॅनर्जी यांनी. जमिनीचे थर नीट न पाहता मार्शल यांनी भराभर खोदले, अशी टीका पुढे महासंचालक झालेल्या मॉर्टिमर व्हीलर यांनी केली आणि ती चुकीची नव्हती. जे मातीखाली हजारो वर्षे सुरक्षित होते ते उघडे पडल्यावर मोहेंजोदडोच्या विटांना क्षारांनी खायला सुरुवात केली. हे दुखणे अजून थांबलेले नाही आणि 2022 च्या अतिवृष्टीत तेथे पुन्हा पडझड झाली. खोदणे सोपे असते, खोदलेले सांभाळणे कठीण. सांचीतही, जुने ते टिकवा म्हणणाऱ्या माणसाने तिसऱ्या स्तूपाचा घुमट नव्याने उभारला, तो कोणत्या हद्दीपर्यंत योग्य होता, हा प्रश्न रास्तच आहे. आणि सात वर्षे ते दगड ज्यांनी प्रत्यक्ष उचलले, उतरवले आणि पुन्हा रचले, त्या मजुरांची नावे आज कोणाच्या तोंडी नाहीत. ज्या स्तूपावर विणकराचे नाव कोरले जाऊ शकले, त्याच स्तूपाच्या दुरुस्तीत राबणारा मात्र बिननावाचा राहिला. व्यवस्था कोणाची होती हे यावरून समजते. तरीही एक गोष्ट नमूद करायला हवी. मार्शल यांच्या हाताखाली भारतीय अधिकारी तयार झाले आणि 1931 साली दयाराम साहनी पहिले भारतीय महासंचालक झाले.

मार्शल 1928 साली महासंचालकपदावरून दूर झाले, पण ग्रंथ पुरे करण्यासाठी 1934 पर्यंत या कामात राहिले. तक्षशिलेवरचा त्यांचा मोठा ग्रंथ 1951 साली निघाला. 17 ऑगस्ट 1958 रोजी इंग्लंडमधील गिल्डफर्ड येथे त्यांचे निधन झाले. त्याच ऑगस्ट महिन्यात स्वतंत्र भारताचा प्राचीन स्मारकांविषयीचा 1958 चा कायदा झाला. आज आपल्या लेण्यांना लागू आहे तो हाच कायदा. 2010 च्या दुरुस्तीनंतर संरक्षित स्मारकापासून 100 मीटरपर्यंत बांधकामाला मनाई आहे, त्यापुढील 200 मीटरवर नियंत्रण आहे आणि स्मारकाची नासधूस करणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतात. शिवाय राष्ट्रीय महत्त्वाच्या स्मारकांचे रक्षण करणे हे राज्याचे कर्तव्य आहे, असे बाबासाहेबांच्या संविधानाचे कलम 49 सांगते. आणि वारशाचे जतन हे आपले कर्तव्य आहे, असे कलम 51 क सांगते. कायद्याची उणीव नाही. उणीव आहे ती आपल्या सवयीची.

बांधवांनो, थोडे कडू बोलतो. काही वर्षांपूर्वी आमच्या भागातील एका लेण्यावर आम्ही धम्मसहल नेली. वंदना झाली, भाषणे झाली. तासाभराने पाहतो तर आमच्याच काही उत्साही कार्यकर्त्यांनी दगडी स्तूपाच्या अंगावर मेणबत्त्या चिकटवल्या होत्या आणि एकाने भिंतीवर ऑईलपेंटने पंचशील ध्वज रंगवायला घेतला होता. भावना शुद्ध होती. परंतु रंगाने दगडाची छिद्रे बुजतात, आतली ओल बाहेर पडत नाही आणि काही वर्षांनी रंगासकट दगडाचा पापुद्रा सुटतो. मी कायदा सांगू लागलो तर उलट मलाच विचारले गेले, की लेणी आपली नाहीत का? लेणी आपलीच आहेत. म्हणूनच तर सांगतो.

आपला लढा मालकीचा आहे आणि तो योग्यच आहे. बोधगयेच्या महाबोधी महाविहारासाठी 1949 च्या कायद्याविरुद्धची लढाई असो की लेण्यांमध्ये नवी नवी दैवते बसवण्याविरुद्धची असो, ती लढलीच पाहिजे. परंतु उद्या ताबा मिळाला तरी पाऊस कोर्टाचा हुकूम वाचून थांबणार नाही. आपला महाराष्ट्राचा काळा कातळ वाळूच्या दगडापेक्षा कठीण, तरी पितळखोऱ्याच्या लेण्यांचे दर्शनी भाग कोसळलेच. भेगांत पाणी शिरले की काळा कातळही फुटतो. कान्हेरीला जाऊन पाहा. तेथील भिक्खूंनी डोंगरावरचे पाणी कोरलेल्या पन्हळींतून पोढींमध्ये उतरवले होते. पाणी अडवायचे कोठे आणि वाहू द्यायचे कोठे हे त्यांना समजत होते. ज्यांनी लेणी कोरली त्यांनी निगाही राखली होती. वारसा सांगायचा तर दोन्हींचा सांगितला पाहिजे.

मग करायचे काय? छिन्नी-हातोडा, सिमेंट आणि रंग घेऊन आपण लेण्यावर जायचे नाही. ते तज्ज्ञांचे काम आहे. पण प्रत्येक तालुक्यातील कार्यकर्त्यांनी जवळचे एक लेणे दत्तक घेतल्यासारखे मानावे. पावसाळ्याआधी आणि पावसाळ्यानंतर दगडाला हात न लावता फोटो काढावेत, तारीख घालून जपून ठेवावेत. पाणी कोठे झिरपते, झाड कोठे रुजले, भेग किती वाढली हे लिहून पुरातत्त्व खात्याच्या संबंधित कार्यालयात रीतसर अर्ज द्यावा आणि पोच घ्यावी. उत्तर आले नाही तर माहितीच्या अधिकारात विचारावे. दोन-तीन वर्षांची अशी फाईल हातात असेल तर कोर्टातही उभे राहता येते. नुसत्या घोषणांवर राहता येत नाही.

पाली न येणाऱ्या एका परक्या माणसाने सात वर्षे खपून तथागतांच्या स्तूपातल्या पाण्याला वाट करून दिली. आपण तर त्या तथागतांना शरण गेलेली माणसे. पुढच्या वेळी सांचीला जाल तेव्हा तोरणापुढे फोटो जरूर काढा. पण मग चार पावले मागे जाऊन नैर्ऋत्येचा तो भाग आणि पायथ्याची जमीनही पाहा, मुलांना दाखवा. आणि परत आल्यावर आपल्या गावाजवळच्या लेण्यात पाणी कोठे साचते, तेही जाऊन पाहा.

जय भीम! नमो बुद्धाय!